अकरा गुंठे आणि कुमसार

कन्फेशन म्हटलं की बहुतेक मराठी लोकांना हिंदी सिनेमा आठवतो. पावसाळी रात्र, रिकामं चर्च, लाकडी जाळीमागे पांढऱ्या झग्यातले फादर आणि जाळीच्या अलीकडे घामाघूम झालेला एक माणूस, ज्याने मध्यंतराच्या आधी कुणाचा तरी खून केलेला असतो. मी वसईचा कॅथलिक आहे हे कळलं की पुण्यातल्या ऑफिसमधले लोक पहिला प्रश्न माशांबद्दल विचारतात आणि दुसरा याबद्दल. "तुम्ही खरंच सगळं सांगता? आणि ते फादर कुणाला काही बोलत नाहीत?"

प्रत्यक्षात हा प्रकार फारच साधा असतो. शनिवारी संध्याकाळी देवळात (आमच्याकडे चर्चला जुनी माणसं देऊळच म्हणतात) दहा-पंधरा जणांची रांग लागते. त्यात म्हातारी माणसं जास्त. एकेक जण आत जातो, दोन-तीन मिनिटांत बाहेर येतो, बाकावर गुडघे टेकून दोन प्रार्थना पुटपुटतो आणि घरी जाऊन भात टाकतो. ईस्टरच्या आधी गर्दी वाढते, तेव्हा आजूबाजूच्या धर्मग्रामांतून जास्तीचे फादर बोलावतात आणि आवारात झाडाखाली प्लास्टिकच्या खुर्च्या मांडून काम चालतं. तिथे जाळीही नसते. लांबून बघणाऱ्याला वाटावं, रक्तदाब तपासायचं शिबिर भरलंय.

आजी याला 'कुमसार' म्हणायची. गोव्यातही कोकणीत हाच शब्द आहे. पोर्तुगिजांच्या 'कन्फेसार'चं आपल्या जिभेवर झालेलं रूप. पोर्तुगीज वसईत 1534 पासून 1739 पर्यंत होते. एवढ्या काळात अशी बरीच रूपं होऊन जातात. पुस्तकी मराठीत मात्र याचं नाव 'प्रायश्चित्त संस्कार', आणि हा शब्द मला नेहमी जरा अवघडलेला वाटतो. कारण मराठीत प्रायश्चित्ताला स्वतःचा वेगळाच इतिहास आहे. 1890 मध्ये पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये चहा घेतला म्हणून टिळक-रानड्यांसकट बऱ्याच मोठ्या माणसांवर ग्रामण्य आलं, प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेलं आणि शेवटी प्रायश्चित्तं घेतली गेली. ख्रिस्ती माणसांचा चहा प्यायल्याचं प्रायश्चित्त! त्यात कुणाला मनापासून वाईट वाटलंय की नाही, हा प्रश्न नव्हताच. विटाळ झाला होता, तो विधीने गेला, पंगत पुन्हा सुरू झाली. आमच्या संस्कारासाठी तोच शब्द घेतला गेला, पण इथे सगळी भिस्त वाईट वाटण्यावर आहे. निदान शिकवलं तरी तसंच जातं.

आम्हाला ते धर्मशिक्षणाच्या वर्गात शिकवलं गेलं, तिसरीत, प्रथम ख्रिस्तप्रसादाच्या आधी. इतक्या लहान मुलांना हे शिकवायची पद्धत तशी फार जुनी नाही. दहाव्या पायस या पोपनी 1910 मध्ये साधारण सात वर्षांचं वय पुरेसं आहे असं ठरवलं, तेव्हापासूनची. पाच पायऱ्या पाठ करायच्या होत्या: आपली पापं आठवणं, त्यांबद्दल दुःख होणं, पुन्हा न करण्याचा निश्चय, फादरांना सांगणं आणि ते देतील ते प्रायश्चित्त करणं. पहिल्या पायरीवरच वर्गाची पंचाईत व्हायची. आठ वर्षांच्या मुलाकडे पापाचा साठा असा कितीसा असणार? आमच्या वर्गातला एक जण दुसऱ्याची यादी उतरवून घेताना पकडला गेला. टीचरनी त्याला विचारलं, "ही पापं तुझी आहेत का?" तो म्हणाला, "टीचर, होतील की."

पाच पायऱ्यांच्या या यादीत एक गोष्ट नव्हती. टीचर ती बोलता बोलता सांगायच्या. कुणाचं खोडरबर चोरलं असेल, तर फादरांना सांगायचंच, पण खोडरबरही परत करायचं. मोठा झाल्यावर कळलं की चर्चच्या अधिकृत शिकवणुकीतही हे स्पष्ट लिहिलेलं आहे. पापक्षमेने पाप जातं, पापाने झालेलं नुकसान जात नाही. चोरलेलं परत करायचं, ज्याची बदनामी केली त्याचं नाव साफ करायचं, जखमेची भरपाई करायची. हे सगळं सांगणाऱ्याच्या डोक्यावर राहतंच. तरी ही सहावी पायरी पाठांतरात का आली नाही, याचं मला आजही कुतूहल आहे.

आता अकरा गुंठ्यांबद्दल.

आजोबांची वाडी होती. केळी, थोडी पानवेल, कडेला नारळ आणि मधोमध बावखल. बावखल म्हणजे आमच्याकडचं गोड्या पाण्याचं तळं, वाडीला पाणी द्यायला आणि पावसाचं पाणी जिरवायला खणलेलं. आजोबांचे एक चुलतभाऊ होते. शिकलेले, कागदपत्रांतलं कळणारे. ऐंशीच्या दशकात वाटणीची नोंद करून घेऊ म्हणून त्यांनी आजोबांच्या सह्या घेतल्या. आजोबांना सही येत होती, वाचायचा कंटाळा होता. दहा-बारा वर्षांनी बिल्डर गावात फिरू लागले तेव्हा सातबारा काढला, तर बावखलाच्या पलीकडचे अकरा गुंठे चुलतभावाच्या नावावर. कोर्टात जायचं घाटत होतं, तेवढ्यात गावातली चार वडीलधारी माणसं मध्ये पडली. एकाच देवळातली माणसं कोर्टात भांडणार का, असं म्हणाली. आजोबा गप्प बसले. पुढे गप्पच वारले.

चुलतआजोबा दर पहिल्या शुक्रवारी कुमसाराला जायचे. महिन्याच्या पहिल्या शुक्रवारची ही भक्ती आमच्याकडे जुन्या पिढीत पक्की आहे. रांगेत ते बहुतेक वेळा पहिले असत, पांढरा शर्ट, हातात जपमाळ. मग मिस्सा, मग ख्रिस्तप्रसाद. पप्पा मागच्या बाकावरून बघत असत. पप्पांनी कुमसाराला जाणं कधी सोडलं हे मला सांगता येणार नाही, पण मला समजायला लागल्यापासून ते गेलेले मी पाहिलेले नाहीत. मिस्सा मात्र एकही चुकवली नाही. एकदा, मी कॉलेजात असताना, केळीला पाणी देता देता ते म्हणाले, "देवाने त्याला माफ केलं असेल तर चांगलंच आहे. पण मग माझ्याकडे काय राहिलं?" (आम्ही घरी कादोडी बोलतो. इथे प्रमाण मराठीत लिहिल्याने ते वाक्य जरा नाटकी वाटतंय. त्यांनी ते नळी दुसऱ्या आळ्यात सरकवता सरकवता म्हटलं होतं.)

हा प्रश्न माझ्या डोक्यात राहिला आणि नोकरी लागल्यावर, शनिवार-रविवार मोकळे मिळायला लागल्यावर मी या विषयावर वाचत गेलो. इंजिनिअरिंगला आम्हाला एक सवय लावतात: एखादी सिस्टीम विचित्र वागत असेल तर ती आधी कशी होती आणि कुठल्या बदलाने अशी झाली हे बघायचं. कुमसाराच्या बाबतीत हे करून बघणं भलतंच मजेचं निघालं.

सुरुवातीला हे खासगी नव्हतंच. शुभवर्तमानात येशू शिष्यांना पापांची क्षमा करण्याचा अधिकार देतो एवढं येतं. तो कसा वापरायचा याची कार्यपद्धती येत नाही. पहिल्या काही शतकांत मोठ्या पापांसाठी सगळ्या मंडळीसमोर पश्चात्ताप करावा लागे. लोक बिशपसमोर येत, ख्रिस्तप्रसादापासून दूर ठेवले जात, कित्येक वर्षं मिस्सेला वेगळे उभे राहत, इतरांना आपल्यासाठी प्रार्थना करायला विनवत. आणि ही संधी बाप्तिस्म्यानंतर आयुष्यात एकदाच. त्यामुळे बरेच जण शहाणपणाने ती मरणाच्या दारापर्यंत राखून ठेवत.

त्या काळातलं माझं आवडतं प्रकरण सन 250 चं आहे. रोमन सम्राट डेसियसने हुकूम काढला की सगळ्यांनी देवतांना बळी अर्पण करावा आणि तसा दाखला घ्यावा. हे दाखले इजिप्तच्या वाळूत पपायरसवर लिहिलेले सापडले आहेत. अर्जदाराचं नाव, गाव, मी बळी दिला हे निवेदन, खाली साक्षीदार अधिकाऱ्यांच्या सह्या. तहसील कचेरीत शोभावेत असे. छळाला घाबरून पुष्कळ ख्रिस्ती लोकांनी बळी दिला. काहींनी जास्त हुशारी केली, बळी न देता पैसे चारून नुसता दाखला मिळवला. छळ ओसरल्यावर हे सगळे परत दारात आले आणि यांचं करायचं काय, यावर चर्च फुटायची वेळ आली. रोममध्ये नोव्हेशियन म्हणाला, यांना चर्च क्षमा करूच शकत नाही. कार्थेजचे बिशप सिप्रियन यांनी मधली वाट काढली: परत घ्यायचं, पण पश्चात्तापाचा काळ पुरा करून, आणि बळी देणारा व दाखला विकत घेणारा यांना एका मापाने न मोजता. खोटा कागद हेही पापच, फक्त वेगळ्या वजनाचं. आमच्या सातबाऱ्याची गोष्ट सिप्रियनना सांगावीशी वाटते.

390 मध्ये तर खुद्द सम्राटावर ही वेळ आली. थेस्सालोनिका शहरात थिओडोसियसच्या सैन्याने हजारो लोकांची कत्तल केली. मिलानचे बिशप अ‍ॅम्ब्रोज यांनी त्याला कळवलं की पश्चात्ताप केल्याशिवाय तुझ्या उपस्थितीत मी मिस्सा अर्पण करणार नाही. सम्राटाने राजवस्त्रं उतरवली आणि चर्चमध्ये सगळ्यांसमोर रडून क्षमा मागितली. ही गोष्ट चर्चच्या इतिहासात अभिमानाने सांगतात आणि सांगावी अशीच आहे. फक्त ती मिलानमध्ये घडते आणि मिलानमध्येच संपते. मेलेली माणसं थेस्सालोनिकातली होती.

मोठा बदल पुढे आयर्लंडमधून आला. तिथल्या मठांमध्ये संन्यासी आपल्या मनाचा हिशोब एका अनुभवी माणसाला खासगीत सांगत. सहाव्या-सातव्या शतकांत हे संन्यासी युरोपभर गेले आणि ही पद्धत सामान्य लोकांत आली. आता पाप एका माणसाच्या कानात सांगायचं, हवं तितक्या वेळा. कुठल्या पापाला किती दिवस भाकरी-पाण्यावर राहायचं याची त्यांची पुस्तकं होती, अक्षरशः दरपत्रकं. एकच पाप शिपायाने केलं तर एवढे दिवस, धर्मगुरूने केलं तर त्याहून जास्त. आपल्या स्मृतिग्रंथांतला प्रायश्चित्तांचा भाग ज्यांनी चाळला असेल त्यांना हे ओळखीचं वाटेल. जुन्या वळणाच्या बिशपांना हे मुळीच रुचलं नाही. 589 मध्ये स्पेनमधल्या टोलेडोच्या धर्मसभेने पुन्हा पुन्हा क्षमा मागण्याच्या या प्रकाराचा निषेध केला. पण लोकांना तो हवा होता, आणि शेवटी तोच टिकला. 1215 मध्ये चौथ्या लॅटरन धर्मसभेने वर्षातून किमान एकदा कुमसार सगळ्यांना सक्तीचं केलं आणि त्यातलं काही बाहेर फोडणाऱ्या फादरला पदावरून काढून जन्मभर मठात डांबायची शिक्षा ठरवली. सिनेमातली लाकडी पेटी त्याहून उशिराची, सोळाव्या शतकातली. तिची मापं आणि जाळी ठरवून देणारे चार्ल्स बोरोमिओ, पुन्हा मिलानचेच आर्चबिशप. स्त्रिया आणि धर्मगुरू यांच्यात काहीतरी आडोसा हवा, ही त्यामागची मुख्य काळजी. म्हणजे आपण ज्याला कन्फेशनचं मूळ चित्र समजतो ती बरीच नंतरची दुरुस्ती आहे.

मला हा बदल वाईट झाला असं म्हणायचं नाही. भर मंडळीत वर्षानुवर्षं वेगळं उभं राहणं क्रूर होतं. कानात सांगण्याने कितीतरी माणसं जगली असतील. आजीला मी कुमसाराहून परत येताना पाहिलंय, तिच्या चालण्यात फरक पडायचा. पण चावडीवरचं प्रकरण कानात गेलं तेव्हा बघणारेही गेले. ज्याचं नुकसान झालं तो पूर्वी निदान बघू शकत होता की हा माणूस दारात उभा आहे, याला काहीतरी बोचतंय. आता त्याला रांगेतली पाठ दिसते.

गेल्या वर्षी मी हे सगळं एका फादरांपुढे मांडलं. ते माझ्याच वयाचे, सेमिनरीत जायच्या आधी आम्ही एकत्र क्रिकेट खेळलोय. नावं न घेता विचारलं: कुणी जमीन लाटली, दर महिन्याला कुमसार केलं, जमीन परत केली नाही, तर क्षमा मिळते का? ते म्हणाले, परत करायची तयारी नसेल तर पश्चात्तापच नाही, आणि पश्चात्ताप नसेल तर मी शब्द उच्चारले तरी काही होत नाही. मग जरा थांबून म्हणाले, "पण तो मला जमिनीचं सांगतो असं तू का धरून चाललायस? तो म्हणत असेल, चिडलो, रोजरी चुकली. मला जे सांगितलं तेवढंच मला माहीत."

हे मला खरोखर सुचलं नव्हतं. इतकी वर्षं पप्पा आणि मी असं धरून चाललो होतो की आत त्या अकरा गुंठ्यांचा व्यवहार मिटतोय. कदाचित त्यांचा विषयही निघत नसेल. आणि हे कळायला मार्ग नाही, कारण फादर मरेपर्यंत सांगणार नाहीत. या गुप्ततेवर अलीकडे बरेच वाद झाले. 2018 मध्ये केरळात एका ऑर्थोडॉक्स चर्चच्या धर्मगुरूंवर कन्फेशनमधल्या माहितीवरून एका स्त्रीला ब्लॅकमेल केल्याचे आरोप झाले आणि राष्ट्रीय महिला आयोगाने कन्फेशनच बंद करा अशी शिफारस केली. ऑस्ट्रेलियात काही राज्यांनी, मुलांवरचे अत्याचार कन्फेशनमध्ये कळले तरी पोलिसांना कळवणं कायद्याने बंधनकारक केलं. ऑस्ट्रेलियाचं मला पटतं. महिला आयोगाचं पटत नाही. आजीचं ते हलकं चालणं कुठल्या आयोगाने बंद करावं, असं मला वाटत नाही.

आमच्या धंद्यात याच्या बरोबर उलटी एक पद्धत आहे, ब्लेमलेस पोस्टमॉर्टेम. सर्व्हर पडला, ग्राहकाचा डेटा गेला, तर सगळे बसून काय घडलं ते लिहितात, पण कुणाचं नाव घ्यायचं नाही. कल्पना चांगली आहे, भीती गेली की लोक खरं सांगतात. पण असे अहवाल वाचून वाचून मला त्यांचं व्याकरण पाठ झालंय. कॉन्फिगरेशन बदललं गेलं. तपासणी राहून गेली. वाक्यात क्रिया असते, माणूस नसतो. आजोबांच्या वाटणीबद्दल गावात असंच बोललं जायचं: "तेव्हा कागदांचा जरा घोळ झाला." मिस्सेच्या सुरुवातीला आम्ही सगळे छातीवर हात मारून, दोष माझा आहे, असं एका श्वासात तीनदा म्हणतो. त्यात कर्ता गाळायची सोय नाही. मला ती जागा आवडते, म्हणून सांगितलं.

शुभवर्तमानात जक्कय नावाचा एक जकातदार आहे, बुटका, येशूला बघायला उंबराच्या झाडावर चढलेला. येशू त्याच्या घरी जेवायला जातो. तो त्याला काही विचारत नाही, सुनावत नाही. जक्कय आपण होऊन उभा राहतो आणि जाहीर करतो की अर्धी मालमत्ता गरिबांना आणि ज्यांना फसवलं त्यांना चौपट परत. मगच येशू म्हणतो की या घराला आज तारण मिळालं. दुसरीकडे येशू असंही सांगतो की वेदीवर अर्पण करताना आठवलं, भावाच्या मनात माझ्याविषयी काही आहे, तर अर्पण तिथेच सोडून आधी त्याच्याकडे जा. चुलतआजोबांनी हे उतारे माझ्यापेक्षा पन्नास-साठ वेळा तरी जास्त ऐकले असतील.

पण खरी अडचण दुसऱ्या बाजूलाही आहे, आणि ती पप्पांची. 'आमच्या बापा' या प्रार्थनेत एक ओळ येते: आम्ही जशी इतरांना क्षमा करतो तशी तू आम्हाला कर. म्हणजे नुकसान झालेल्यालाही मोकळं सोडलेलं नाही. ती ओळ आली की पप्पा गप्प होतात. त्याआधीची म्हणतात, त्यानंतरची म्हणतात. शेजारी उभं राहिल्याशिवाय कळणार नाही, मलाही विशी ओलांडल्यावर कळलं. आधी मला तो हट्ट वाटायचा. आता वाटतं, देवळातल्या शेकडो माणसांत त्या ओळीचा अर्थ इतका मनावर घेणारे ते एकटेच असतील. खोटं बोलायचं नाही म्हणून ते थांबतात.

2023 च्या पावसाळ्यात चुलतआजोबा अंथरुणाला खिळले. नातवाकरवी पप्पांना निरोप आला, येऊन जा. पप्पा दोन दिवस गेले नाहीत. तिसऱ्या दिवशी इस्त्रीचा शर्ट घालून गेले. मी त्या आठवड्यात घरूनच काम करत होतो. तासाभराने परत आले. मी विचारलं, काय म्हणाले? तर म्हणाले, "नारळ किती लागतात विचारत होते. बावखल भरलं का विचारलं. चहा केला सुनेने."

"आणि?"

"आणि काय. हात धरून ठेवला होता."

हात धरणं म्हणजे कबुली होती का, यावर आई, मी आणि बहीण यांच्यात बराच खल झाला. पप्पांनी त्यात भाग घेतला नाही. आठ दिवसांनी ते वारले. पप्पा मातीला गेले, मूठभर माती टाकून आले.

त्यानंतर सहा-सात महिन्यांनी त्यांचा मुलगा, म्हणजे माझे काका, घरी आले. बराच वेळ पावसाबद्दल बोलले. मग म्हणाले की अकरा गुंठ्यांतले निदान बावखलाच्या काठाचे चार-पाच तुमच्याकडे यायला हवेत असं मलाही वाटतं, वडिलांचाही तसा विचार दिसत होता. 'दिसत होता' म्हणजे नक्की काय, हे कुणी विचारलं नाही. आधी सरकारी मोजणी करून घ्यावी लागेल असं ठरलं. भूमी अभिलेख कार्यालयात अर्ज करायचा, फी भरायची, मग तारीख मिळते.

फी कुणी भरायची यावर गाडी सध्या अडली आहे. काका म्हणतात निम्मी निम्मी. आई म्हणते, त्यांनी भरावी, चूक त्यांच्या वडिलांची होती. पप्पा म्हणतात, आपण भरून टाकू. पण अर्जावर मूळ कारण काय लिहायचं ते आधी ठरवा, आणि ते काकांनी स्वतःच्या हाताने लिहावं. कोरा अर्ज आमच्या फ्रिजवर, चुंबकाखाली आहे.